पहिल्या पंगतीची नळी

...आणि वर सगळे मलाच म्हणतात, अश्लेषाला तोंड नाही. आता तुम्हीच सांगा, आमच्या घरात तोंड उघडायला जागा कुठे आहे? आजी बोलते, तिचं थांबलं की आत्या बोलते, आत्याचं थांबतच नाही म्हणून पूजाकाकी मधेच घुसते, आणि बाबा सैन्यातून सुभेदार होऊन आलेत, आता कुपवाडला एका कारखान्याच्या गेटवर सिक्युरिटी बघतात, ते नुसतं पाणी मागतात तरी पलीकडच्या गल्लीतला माणूस सावधान होतो. त्यात मी काय बोलणार? मी आपली गप्प.

तर शाळेत बाईंनी प्रकल्प दिला, 'देशोदेशीच्या स्त्रिया'. मी सगळं शोधलं, नीट अक्षरात लिहिलं, चित्रं चिकटवली, आणि वर्गात वाचायला उभी राहिले तर घशातून हवासुद्धा येईना. बाई चांगल्या आहेत हो, रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "आधी घरी वाचून दाखव, घरच्यांपुढं भीती मोडते." बाईंनी आमचं घर बघितलेलं नाही.

आणि वेळ कुठली सापडली मला? म्हसोबाच्या जत्रेचा आदला दिवस. तुम्हाला सांगते, आमच्याकडे जत्रा म्हणजे सगळ्या गावांचे पाहुणे आणि मटण. सगळ्या बायका स्वयंपाकघरात, कुणी कांदा चिरतंय, कुणी खोबरं भाजतंय, सगळ्यांच्या डोळ्यांतून धारा... बघणाऱ्याला वाटावं माझा प्रकल्प ऐकूनच रडतायत. मी दारात उभी राहून वाचतेय, "मेघालयातील खासी समाजात घर धाकट्या मुलीकडे राहते आणि नवरा बायकोच्या घरी राहायला जातो."

पूजाकाकीचा हात थांबला. "म्हंजे घरात सासूच्या जागी आपलीच आई?"

मी मान हलवली.

"मग भांडायचं कुनाशी?"

आजीने तिच्याकडे नुसतं बघितलं. काकी परत खोबऱ्याला लागली.

मी पुढे वाचलं, की आइसलँड नावाचा एक देश आहे, तिथे एकदा जवळजवळ सगळ्या बायकांनी एक दिवस काम बंद ठेवलं. घरातलं पण आणि ऑफिसातलं पण.

"भाकरी कुनी थापल्या?" आजी.

"आजी, तिथं भाकरी नसते."

"मग बंद काय ठेवलं?"

मी आपली गप्प.

पण तेवढ्यात चहाचा कप ठेवायला मामा आत आला. मामा माझा कोयनानगरचा, उदयसिंह, धरणाच्या वसाहतीत राहतो, भूकंपाचा धक्का बसला तरी ताट उचलून मगच बाहेर पळणारा माणूस. तो आईला म्हणाला, "ताई, त्या देशातल्या बायकांचं ऱ्हाऊ दे. उद्या तुझ्या वाटणीची नळी मला दे, म्हंजे जुना हिशेब मिटला." मग आजीकडे वळून, "आवं आत्याबाई, ही लहानपनी नळीसाठी माझ्या हाताला चावलीया, हे बघा, वण हाय अजून."

आई हसली आणि म्हणाली, "कायतरीच तुझं."

तुम्हाला सांगते, मी तिथेच थिजले. कारण माझ्या आईला, अर्जुना सुभेदारीणबाईंना, नळी आवडत नाही, हे आमच्या घरात सूर्य पूर्वेला उगवतो इतकं पक्कं होतं. नळी म्हणजे काय सांगायला हवं का? मगजाने भरलेलं हाड, ताटावर आपटायचं, ओठाला लावायचं आणि ओढायचं. मटणात नळ्या असतात किती, आणि जातात कुणाला? जावयाला. मग पाहुण्याला. मग घरच्या पुरुषांना. बायकांची पंगत सगळ्यांच्या शेवटी, तोवर पातेल्यात फोडी शोधायला टॉर्च लागावा, नुसता रस्सा, तोही पुरावा म्हणून पाणी आणि मीठ घालून वाढवलेला. आणि आई दरवर्षी म्हणते, "मला रस्साच आवडतो." आणि आम्ही सगळे शहाणे, आवडतो म्हणते तर वाढा आणखी रस्सा... अहो, जी बाई नळीसाठी सख्ख्या भावाला चावते, तिला रस्सा आवडतो?

मला हे मोठ्याने म्हणायचं होतं. पण मी आपली गप्प.

आजी मात्र भाजलेला कांदा बाजूला सारून म्हणाली, "उद्या आदी बायकांची पंगत."

आत्याचंसुद्धा बोलणं थांबलं, म्हणजे विचार करा.

बाबा दारात आले. "आई, पावनं काय म्हनतील?"

"त्येंच्या घरी जाऊन म्हनू दे."

"पर वाढायचं कुनी?"

"तू लष्करात काय नुसता सलाम ठोकत हुतास व्हय? वाढ की."

झालं, दुसऱ्या दिवशी निवद दाखवून झाला, आणि अंगणात पहिल्या पंगतीला बायका. बसल्या म्हणते खरी, पण बसतायत कुठे? काकी उठली मीठ आणायला, आत्या उठली पाणी आणायला, आई तर बसायच्या आधीच उठली, तिला वाटलं गॅस चालू राहिला. बायकांच्या गुडघ्यांना पंगतीत बसायचं माहीतच नाही हो. शेवटी बाबा ओरडले, "जागेवरून कुनी हलायचं न्हाई," आणि सगळ्या अशा खाली बसल्या की परेडला आल्यात. तिकडे ओट्यावर शेजारचे भाऊसोकाका पोटावर हात फिरवत म्हणतायत, "दादासो, आमी काय शिक्षा म्हनून बसलोय का रं? तेवढं तरी सांग." आणि दादासो, म्हणजे आमचे बाबा, कमरेला टॉवेल बांधून भाकरी वाढतायत, तोंड असं की सीमेवर परत पाठवलं तर बरं होईल.

मटणाचं पातेलं मामाने घेतलं. पाहुणा असून. म्हणाला, "माझ्या भनीला मी वाढनार," आणि सगळ्यांत मोठी नळी आईच्या ताटात ठेवली.

आता खाईल, आता खाईल...

आईने नळी उचलली आणि आजीच्या ताटात ठेवली. "आत्याबाई, तुमी घ्या."

आजी म्हणाली, "मला दात कुठं हाय," आणि ती काकीला दिली, कारण काकीला दिवस गेलेत. काकीने आत्याला दिली, कारण आत्या माहेरवाशीण. आत्याने माझ्या ताटात टाकली, लेकराला असू दे म्हणून. तुम्ही विश्वास ठेवा, पुरुषांच्या पंगतीत नळी ताटात पडली की तिचा पुढचा प्रवास एकच असतो, तोंडाकडे. आणि इथे सगळी पंगत फिरून आली, कुणाच्या ओठाला लागली नाही. अडवायला एकही पुरुष नाही, आम्हीच आम्हाला अडवतोय.

मी ती परत आईच्या ताटात ठेवली. आणि आई म्हणाली, अगदी नेहमीसारखं, "खा गं बाळा तू, मला रस्साच आवडतो."

आणि मग काय झालं मला माहीत नाही. वर्गात जी हवा घशात अडकली होती ना, ती सगळी एकदम बाहेर आली. "तुला रस्सा आवडत नाही. कधीच आवडत नव्हता. तू खोटं सांगतेस आणि आम्हाला खरं वाटतं."

भाऊसोकाकांचा हात पोटावरच थांबला. बाबा भाकरीची टोपली धरून उभे, आईकडे बघत, आणि त्यांचा आवाज इतका बारीक मी कधी ऐकला नव्हता. "आवडत न्हाई? आगं, मी आपला दरसाली सांगायचो, हिला रस्सा जास्त ठेवा म्हनून..."

आईचे कान लाल झाले. मग तिने नळी उचलली, ताटावर एकदा आपटली, ओठाला लावली, आणि अशी ओढली, अशी ओढली की आवाज ओट्यापर्यंत गेला. मामाने आपला हात पाठीमागे लपवला.

आई डोळे मिटून बसली होती. मग उघडले आणि म्हणाली, "मीठ कमी झालंय."

"आगं, मी किती वर्सं वरडतोय," बाबा टोपली आपटून म्हणाले.

आणि खरंच होतं की ते. निवदाच्या आधी चव बघायची नाही, ही आमची रीत. निवद झाला की लगेच पुरुषांची पंगत. आणि बायकांची पाळी येईपर्यंत रस्सा वाढवताना मीठ पडलेलंच असायचं. म्हणजे पहिल्या पंगतीचा रस्सा कसा लागतो, हे रांधणारीला कधी कळलंच नाही. पुरुष दरवर्षी कुरकुरायचे, आणि बायकांना वाटायचं, ह्यांना खोड आहे.

आईने मीठ मागून घेतलं, पातेल्यात टाकलं, ढवळलं, आणि मागच्या पंगतीतले पुरुष काय जेवले म्हणून सांगू. भाऊसोकाका तर म्हणाले, असा रस्सा उभ्या जन्मात खाल्ला नाही.

मला वाटलं, जिंकलो आपण. आइसलँड झालं आमच्या अंगणात.

पुढच्या रविवारी भाऊसोकाकांच्या नातवाचं जावळ होतं, तिथेही बकरं. आणि काकांनी स्वतः दारात उभं राहून हाका मारल्या, "चला, आदी बायकांची पंगत. आवं वहिनी, तुमी पुढं बसा." बाबा माझ्याकडे असं बघतायत की पदक मिळालंय. एका पाहुण्याने विचारलं, "हे काय नवीनच?" तर काका म्हणतात, "नवीन न्हाई, लय सोयीचं हाय. बायका पयल्या बसल्या की मीठ बगून हुतंय."

मीठ बघायला. ऐकलंत ना? माझा एवढा प्रकल्प, मेघालय, आइसलँड, एवढं ओरडणं, आणि हाती काय आलं, तर बायकांना आणखी एक काम.

मी उठणार होते. खरंच उठणार होते, शब्दसुद्धा तयार होते, आता मला बोलता येतं. पण शेजारी बघितलं तर आईच्या ताटात नळी, आणि ती कुणाला देत नव्हती.

मी आपली गप्प.