पारावरची सुनावणी

माझे नाव राजेश्वरी अमृत ढोकणे, वय ३१ वर्षे, धंदा अंगणवाडी मदतनीस (सरकारचे मत वेगळे आहे, पण तसेच लिहावे), रा. चिंचमळा, ता. राहुरी, जि. अहिल्यानगर.

मी पोलीस ठाण्यात समक्ष हजर राहून, विचारल्यावरून सांगते की, मागच्या वर्षी गावच्या अंगणवाडीत मदतनीस म्हणून गुणांवर माझी निवड झाली. दुसऱ्या नंबरला संस्कृती होती. तिचे सासरे आप्पासाहेब हे मारुती देवस्थानचे अध्यक्ष. मी वस्तीवर राहते, म्हणून गावची रहिवासी नाही, अशी हरकत त्यांनी घेतली. आमची वस्ती गावापासून हाकेच्या अंतरावर आहे. मतदानाच्या वेळी ती त्यांना बरोबर सापडते.

हरकतीची सुनावणी मारुतीच्या पारावर ठेवली. आमच्या गावात बाया पारावर चढत नाहीत, पायरीशी नारळ ठेवून परत फिरतात. मीही तेच करत आले. त्या दिवशी मी पायरीशी उभी होते. सरपंच लंकाबाई याही खालीच उभ्या होत्या, त्यांचे यजमान वर बसले होते. तालुक्याहून आलेल्या साहेबांनी माझे नाव पुकारले. मी खालून ओ दिली. आप्पासाहेब म्हणाले, "बाई वर आली न्हाई. गैरहजर लिवा." साहेबांनी तसे लिहिले. मग कागद खाली आणून त्यावर सरपंचांची सही घेतली. माझी नेमणूक रद्द झाली.

त्याविरुद्ध मी छत्रपती संभाजीनगरला हायकोर्टात गेले. कोर्टाने तो आदेश रद्द केला आणि बाईचे म्हणणे ऐकून नव्याने निर्णय घ्या, असे सांगितले. एवढी अक्कल शिकवायला हायकोर्ट लागले. तरीही दुसरी सुनावणी पुन्हा पारावरच. ग्रामपंचायतीचे कार्यालय समोरच आहे, त्यात खुर्च्या आहेत, पंखा आहे. विचारले तर रीत आहे म्हणाले.

काल सकाळी माझे नाव पुकारले तेव्हा मी चपला काढल्या, पायऱ्या चढले आणि साहेबांसमोर जाऊन बसले. "हजर हाय साहेब, लिवा," एवढेच बोलले. आप्पासाहेब ओरडले, "पार बाटवला हिनं! उतर खाली!" मी म्हणाले, "उतरले की तुमी गैरहजर लिवता. न्हाई उतरत." साहेब फाईल काखेत मारून गाडीत जाऊन बसले. सुनावणी राहिली ती राहिलीच. भावना दुखावल्याचा अर्ज मात्र संध्याकाळच्या आत ठाण्यात पोचला.

मी कोणाला शिवी दिली नाही, मूर्तीजवळ गेले नाही. मारुतीची काही तक्रार असेल तर मला माहीत नाही, अर्जावर सही आप्पासाहेबांची आहे. खाली उभी राहिले तर गैरहजर, वर गेले तर आरोपी. मधल्या पायरीवर नोकरी मिळत असल्यास तसे लेखी कळवावे. मला या सगळ्याचा संताप आहे, तोही लिहून घ्यावा.

आज इथे मला बसायला खुर्ची दिली आणि हवालदार मॅडमनी "तुमचं म्हणणं काय?" असे विचारले. नोकरी गेल्यापासून हे मला पहिल्यांदाच कोणी विचारले.

जबाब मला वाचून दाखवला, तो माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे. त्यात सुरुवातीलाच 'समक्ष हजर' असे लिहिले आहे. तेवढी ओळ मी पुन्हा एकदा वाचायला लावली आणि मग सही केली.