केळ्याचा वास

कॉफीच्या रांगेत म्हाताऱ्या हार्लनच्या पुढे लष्करी गणवेशातली दोघं उभी होती. लिंकन शहरात कुठे विषारी वायूची किंवा किरणोत्सर्गाची शंका आली, की यांचीच तुकडी आधी आत शिरते, हे त्याला ठाऊक होतं.

“लाइल, सकाळच्या चाचणीत तुझ्या मास्कला मी मुद्दाम निकामी फिल्टर लावला होता.”

“काय सांगतेस, जोनेल?”

“ते केळ्याच्या वासाचं तेल खोलीभर पसरलं होतं. बाहेरचा कारकूनसुद्धा नाक धरून बसला. आणि तू म्हणालास, काहीच वास येत नाही, मास्क उत्तम.”

“सर्दी झालीय.”

“किती वर्षं?”

हार्लन उगाच पाटीवरचे भाव वाचत राहिला.

“करोनात वास गेला तो गेला. वाटलं, येईल परत.”

“मास्क गळत असला तर तुला कळणार कसं?”

“आजवर काय झालंय?”

“तू आत पडलास, तर ओढून आणायला मागे मीच असते. वजन बघ स्वतःचं.”

“सोळा वर्षं हेच केलंय गं. दुसरं काय येतं मला?”

“माहीत आहे.”

“मग, वर कळवणार?”

“कळवलं. म्हणून तर कॉफी पाजतेय.”

लाइलने कप घेतला, एक घोट प्यायला.

“कशी आहे?”

“गरम आहे.”