कुणी कुठे झोपायचं

सून : नाही म्हणजे नाही, आई! लग्नाला चार महिने झाले आणि माझा नवरा अजून स्वयंपाकघरात झोपतोय. फ्रिजशी लग्न केलंय का त्यानं?

सासू : फ्रिज उलटून बोलत नाही. तेवढा तरी गुण घे त्याचा.

सून : पुढच्या खोलीत तुम्ही, मागच्या खोलीत मी, ओट्यापाशी तो. हे काय घर झालं?

सासू : माणसं तीन, खोल्या तीन. एकीवर बॉम्ब पडला तर दोघं उरतात.

सून : लढाई तिकडे राहिली हो, समुद्रापलीकडे! इथे वरून फार तर शेजारणीचे ओले टॉवेल पडतात.

सासू : आमच्याकडेही आधी तेच पडायचे.

सून : मी बस चालवते. चाळीस माणसं एका गाडीत कोंबून गावभर फिरवते. त्यांनाही चाळीस गाड्यांत वाटून टाकू?

सासू : ती माझी नव्हेत.

सून : आणि नातवंडं हवीत म्हणता, ती काय कुरिअरनं मागवायची?

सासू : दिवसा कुणी अडवलंय? भाजी आणायला मी रोज दोन तास लावते, ते काय कांदे निवडत बसते म्हणून?

सून : अय्या, आई!

सासू : लाजतेस कसली. माझे गुडघे दुखतात त्या फेऱ्यांनी.

सून : मला तेवढंच नकोय हो. तो झोपेत ओरडतो. मी भिंतीपलीकडून ऐकते. धावत जाईपर्यंत गप्प होतो आणि "काही नाही" म्हणतो. स्वयंपाकघरच का पण?

सासू : आमचं तेवढंच उरलं होतं.

(सुनेच्या हातातली चादर अर्धवट घडी होऊन राहते.)

सासू : त्या रात्री मी ह्यांच्या घोरण्यावरून भांडले. नुसती पिठाची गिरणी! धाकट्याला, तुझ्या नवऱ्याला, उचललं आणि स्वयंपाकघरात जाऊन आडवी झाले. थोरला बापाजवळच राहिला. त्याला त्या गिरणीशिवाय झोप येत नसे. पहाटे स्वयंपाकघर होतं. बाकी घर नव्हतं.

सून : ...तुम्ही वाचलात.

सासू : वाचले. घोरण्याच्या कृपेनं. देवाला नवस बोलणाऱ्या बायका मेल्या, मी नवऱ्याला शिव्या घालून वाचले.

सून : खरं सांगा, आई. मी दुसऱ्या खोलीत होते ते बरं झालं, असं वाटतं कधी?

सासू : धाकट्याकडे बघते तेव्हा वाटतं.

सून : आणि तो समोर नसताना?

सासू : नाही. एकदाही नाही.

सून : मग मला कशाला ठेवता दुसऱ्या खोलीत?

सासू : ...गादी उचल त्याची. ने आत.

सून : आई...

सासू : रडू नकोस, नाहीतर विचार बदलेन. आणि ऐक. तो बापावरच गेलाय. कितीही घोरला ना, तरी उठून जाऊ नकोस.