ओत्तोरीनोचं रडणं

(सिनेमाच्या सेटवर, रंगभूषेच्या खोलीत.)

नीवेस : मान वर कर, ओत्तोरीनो. डोळ्यांखाली काळं लावायला नको आज. घरूनच घेऊन आलायस.

ओत्तोरीनो : झोप कुठंय? माझी एल्विरा गेल्याला परवा महिना झाला. आणि आज ह्यांनी मला काय काम दिलंय, ठाऊक आहे? सिनेमातल्या बायकोच्या शवपेटीपाशी उभं राहून ओक्साबोक्शी रडायचं.

नीवेस : अरे देवा! मग नाही म्हणून सांग की.

ओत्तोरीनो : नाही म्हणणारा नट घरी बसतो, बाई. पंचेचाळीस वर्षं पोस्टमन झालो, खाटीक झालो, पाद्री झालो. नाव कुणाला माहितीये माझं? बाजारातली मासेवाली विचारते, "अहो, त्या सिनेमात विहिरीत पडून मेलात, ते तुम्हीच ना?"

नीवेस : मग घाबरतोस कशाला? शंभर वेळा रडलायस माझ्यादेखत.

ओत्तोरीनो : तेच तर. चर्चमध्ये एल्विराच्या पेटीशी उभा होतो, तेव्हा एक टिपूस आलं नाही. ठार कोरडा. मेहुणी चारचौघांत म्हणाली, "ह्याला रडायला कॅमेरा लागतो."

नीवेस : पिया ना? तिची जीभ म्हणजे कात्री.

ओत्तोरीनो : पण आज तिथं घळाघळा आलं, तर तिचंच खरं ठरेल गं.

नीवेस : आणि नाही आलं तर?

ओत्तोरीनो : तर नट म्हणूनही संपलो. चल, बोलावतायत.

(दोन तासांनी, त्याच खोलीत.)

नीवेस : बस आधी. कॉफी घे. झालं?

ओत्तोरीनो : झालं. पहिल्यांदा काहीच येईना. दिग्दर्शक नातवाच्या वयाचा. हळूच म्हणाला, "काका, डोळ्यांत थेंब घालू या का?" मी म्हटलं, घाला. त्यांचं काम भागलं थेंबांवर.

नीवेस : मग एवढे डोळे का सुजलेत?

ओत्तोरीनो : "कट" म्हणाले, दिवे बंद केले. पेटीतली नटी बिचारी थंडीनं कुडकुडत उठून बसली. तिची कॉलर दुमडली होती, मी सरळ करायला गेलो. एल्विरा रोज दारात माझी करायची तशी. आणि जे सुरू झालं, ते थांबेचना. दिवेवाले टोप्या काढून उभे राहिले.

नीवेस : म्हणजे कॅमेरा बंद होता?

ओत्तोरीनो : बंद होता.

नीवेस : पियाला कळायला हवं हे. मी करते फोन.

ओत्तोरीनो : नको. रंग पूस आता. सावकाश पूस, मला घाई नाही.