माझ्या नाकावर जिंकलेला पाना

नाही, रडू दे की! माणूस आहे, रडणारच. पण मी तुम्हाला विचारतो, कांदा चिरताना रडला म्हणून कुणाला नऊ लाख मतं मिळतात का? मिळाली! टीव्हीवर, माझ्या डोळ्यांदेखत! माझी आई पंचवीस वर्षं कांदा चिरतेय, रडतेय, तिला घरात कुणी साधा रुमाल पुढं केला नाही, आणि हा एक कांदा चिरतो, तोही ओबडधोबड, जाडजाड, आणि खाली पट्टी सरकते, 'कठोर हातांमागचं कोवळं मन'! कोवळं मन! अहो, ह्याच हातांनी अख्ख्या बाजाराची शटरं खाली ओढलीत!

हा म्हणजे पाना. माझा चुलतभाऊ, माझ्याहून दोन वर्षांनी मोठा. गॅरेजात कामाला होता तेव्हा हातात कायम पाना, पुढं 'सर'कडे लागला तेव्हाही हातात पानाच, फक्त नट-बोल्टांच्या जागी माणसं आली. 'सर' म्हणजे आमच्याकडची टोळी चालवतात ते. सगळ्यांना माहीत आहे, मोठ्यानं कुणी बोलत नाही. टोळीतली पोरं त्यांना उभं राहून 'सर' म्हणतात! आम्ही कॉलेजात प्राध्यापकांना कधी उभं राहून सर म्हटलं नाही, म्हणून आम्ही दुसऱ्या वर्षातच बाहेर. तर हा पाना अडीच वर्षं तुरुंगात होता, सुटला, आणि तिथून थेट 'उघडं घर'मध्ये! तो कार्यक्रम नाही का, चौदा जणांना एका घरात कोंडतात, भिंतीभिंतीत कॅमेरे, आणि दर आठवड्याला एकाला हाकलतात. म्हणजे तुरुंगच की, फक्त केस विंचरायला माणूस येतो.

आणि मी? मीही गेलो होतो हो निवडीला! त्याच्या आधी! सहा तास रांगेत उभा. आत गोल चष्म्याच्या एक बाई. "कॉलेज सोडलंत? छान. का सोडलंत, व्यसन?" म्हटलं, नाही. "घरी मारहाण?" म्हटलं, वडील टोमणे मारतात. "टोमणे कॅमेऱ्यात दिसत नाहीत हो. बरं, केस वगैरे?" म्हटलं, कसली? "कसलीही! मारामारी, धमकी, काहीतरी?" नाही म्हटलं. बाईंनी पेनाला टोपण लावलं, आणि डॉक्टर पेशंटच्या नातेवाइकांकडे बघतात तसं बघून म्हणाल्या, "मग तुमच्यात बघायचं काय?"

तुम्हाला सांगतो, माझ्यावर साधी एक केस नाही! चोवीस वर्षांत एक नाही! सायकलला दिवा नव्हता म्हणून एकदा हवालदारानं धरलं, तोही म्हणाला, "जा बाळा." बाळा!

बरं, परक्यांचं सोडा, आमची घरची वडीलधारी मंडळी बघा. पाना आत गेला तेव्हा बाबांनी लग्नातल्या ग्रुप फोटोतून त्याला कात्रीनं कापून काढला होता. कापताना काकूचा अर्धा कान गेला, तरी थांबले नाहीत. आता? आता तोच तुकडा कपाटं उपसून शोधून, चिकटपट्टीनं परत चिकटवलाय, जरा पुढच्या रांगेत! खालच्या मजल्यावरचे मास्तर, ज्यांनी त्याच्याविरुद्ध त्रेचाळीस सह्यांचा अर्ज केला होता, ते येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवून सांगतात, "पोरात धमक होती, मी ओळखलं होतं." ओळखलं होतंत तर अर्जात का नाही लिहिलंत? काका तर कोर्टाबाहेर म्हणाले होते, मला मुलगाच नाही. आता मुलाखत देतात, "माझ्यावर गेलाय." आणि बाबा मला म्हणतात, "बघ, शीक काहीतरी त्याच्याकडून!" काय शिकू? बाबा, स्पष्ट सांगा, काय शिकू? शटरं ओढू? जन्मापासून एक शाबासकी नाही ह्या माणसाची. एक! आणि पान्यानं दात घासले तरी, "बघ कसा शिस्तीत घासतोय!"

आणि मग आला माफीचा आठवडा. नियम असा, की प्रत्येकानं आपण दुखावलेल्या एका माणसाचं नाव घ्यायचं, त्या माणसाला घरात बोलवायचं, समोर दोन बटणं. हिरवं दाबलं म्हणजे माफ. लाल दाबलं की स्पर्धक त्याच क्षणी बाहेर. पान्याची पाळी आली तेव्हा सगळा बाजार टीव्हीपुढं! हार्डवेअरवाले शेठ तर इस्त्रीचा शर्ट घालून बसले होते, "माझंच नाव घेणार, माझा खांदा त्यानंच निखळवलाय." आणि पान्यानं मान खाली घातली, सुस्कारा सोडला, म्हणाला, "माझा धाकटा भाऊ. मी त्याचं नाक फोडलं होतं."

धाकटा भाऊ म्हणजे मी. नाक म्हणजे हे. थोडं डावीकडे गेलंय, दिसतंय ना?

आता तुमच्यापासून काय लपवायचं... त्यानं नव्हतं फोडलं. निकालाच्या दिवशी कॉलेजात नापासांच्या यादीत माझं नाव दिसलं, मी सगळ्यांदेखत ओरडलो, "थुंकतो तुमच्या कॉलेजावर!" आणि ताडताड निघालो, आणि समोर काचेचं दार होतं. नेमकं त्याच दिवशी पुसलेलं! मला वाटलं, मोकळी वाट आहे. सांगा, नापास होऊन, वर दारावर आपटून, रक्ताळलेलं नाक घेऊन ह्या अशा बापापुढं जाल तुम्ही? मी घरी सांगितलं, पान्यानं मारलं. तेव्हा गल्लीत काहीही फुटलं तरी पान्याच्याच नावावर जायचं, त्यात एक नाक! त्यापायी बाबा आणि काका पाच वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत. आणि पाना? गप्प. मला वाटलं, ह्याच्या कानावरच गेलं नसेल. गेलं होतं! नीट जपून ठेवलं होतं! कारण शेठचं नाव घेतलं असतं तर शेठनं लाल बटण कोपरानं ठेचलं असतं. खऱ्या माणसांची माफी मागणं धोक्याचं, म्हणून खोट्याची मागितली. अहो, आयुष्यात माझी स्वतःची अशी एकच गोष्ट होती, एक थाप... तीसुद्धा ह्याच्या कामाला आली!

दुसऱ्या दिवशी सरांचा माणूस घरी. चपला दारात नीट जोडीनं काढल्या, दोन्ही हातांनी चहा घेतला. "सरांनी नमस्कार सांगितलाय. सर कार्यक्रम रोज बघतात. सरांना हिरवा रंग फार आवडतो." एवढंच! आणि आमचे बाबा, मला टेकायला साधी उशी मागितली तर "पाठ मोडलीय का?" म्हणणारे, त्याच्या पाठीमागं दोन उशा लावत होते. आई म्हणते, "दाब बाबा हिरवं, भाऊच आहे." आणि माझ्यावर साधी एक केस नाही, तर मला नमस्कार कोण सांगणार?

मी ठरवलं. लाल नाही, हिरवं नाही. खरं सांगायचं! सगळ्यांपुढं! होऊ दे माझं हसं, पण ह्याचं कोवळं मन एकदा फाडून दाखवतो.

गेलो. आधी मेकअपच्या ताई. "कुठल्या बाजूनं मारलं होतं?" म्हणून नाकावर थोडं काळंनिळं लावलं. पाच वर्षांनी! आत शिरतो तो त्या दिवसापुरते घरात प्रेक्षक बसवलेले, समोर पाना पांढऱ्या शर्टात, आणि धाडकन माझ्या पायांवर! मोठा भाऊ धाकट्याच्या पायांवर, आणि ह्या वेळी कांदाही नाही! मी ओरडलो, "ऊठ रे! ह्यानं मला मारलंच नाही! मी नापास झालो होतो, काचेच्या दारावर आपटलो!"

सगळे कॅमेरे माझ्या नाकावर वळले.

सूत्रसंचालकानं छातीवर हात ठेवला. "बघताय ना... भावाला वाचवण्यासाठी हा मुलगा स्वतःला नापास म्हणवून घेतोय!"

"अहो, मी खरंच नापास आहे!"

"काय हे प्रेम!"

"दार होतं हो! काच पुसलेली होती!" टाळ्या! लोक उभे राहिले! पहिल्या रांगेत काकू हुंदके देतेय, शेजारी काका, तेही तिच्याच पदराला डोळे पुसतायत! मी जितकं खरं बोलतोय तितक्या टाळ्या वाढतायत, आणि पान्यानं मला मिठी मारली, घट्ट, आणि कानात काय म्हणाला असेल? सॉरी? थँक्यू? "नाक डावीकडे कर, कॅमेरा तिकडे आहे."

एकतीस लाख मतं. कार्यक्रमाच्या इतिहासात कुणाला नाहीत! गाडीभर फुलं त्याच्याकडे, आणि मला परत जायला रिक्षा. केस नाही ना माझ्यावर!

घरी आलो तर बाबा दारात उभे. जिना चढताना मला वाटलं, आता ऐकवणार, नापास असल्याचं जगजाहीर केलं म्हणून. तर त्यांनी खांद्यावर हात ठेवला! पहिल्यांदा! "खोटं बोललास, पण घरासाठी बोललास. नाव राखलंस."

म्हटलं, "बाबा, ते खरं होतं."

"पुरे आता," बाबा म्हणाले, "कॅमेरे गेले. घरात कशाला नाटक?" आणि त्यांनी बोट पुढं करून माझ्या नाकाला हळूच हात लावला. "फार दुखलं होतं का रे?"

पाच वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं हो. दारावर फुटलेलं नाक म्हणून आजही कुणी विचारलं नसतं. आता तुम्हीच सांगा, मी काय करायचं होतं? मी घसा साफ केला, सोफ्यावर बसलो. बाबांनी स्वतः उशी लावली, आणि विचारलं, "किती वेळा मारलं होतं त्यानं?"

म्हटलं, "दोनदा, बाबा."