बाप्यांच्या आधी

भोईवाड्यातल्या दवाखान्यात नंबर यायला वेळ होता. अनुजाने मोबाइल काढला, पण कानाला काही मोबाइल पुरत नाही. तिचे कान मागच्या बाकाकडे लागले. तिथे कपाळाला पट्टी बांधलेल्या रमाबाई बसल्या होत्या आणि त्यांना घेऊन आलेली शेजारची बेबी.

“पण चक्कर आलीच कशी?”

“साखर उतरली. जेवायला उशीर झाला गं.”

“एकट्या तर राहता. भूक लागली की पान वाढून घ्यायचं!”

“बाप्यांच्या आधी कशी बसू?”

“रमाबाई, काकांना जाऊन वर्ष होईल. घरात बाप्या आहे कुठे?”

“टीव्हीत आहे ना. बातम्यांवाला. साडेआठला तो नमस्कार करून उठला, की मी पान घेते. काल मेल्याची चर्चाच संपेना.”

“अगो बाई! म्हणजे त्याच्यापायी पडलात?”

“हस तू. आई सांगायची, बाईमाणूस आधी जेवलं की घराची बरकत जाते. खोटं आहे, कळतं मला. पण आधी घास उचलला, की वाटतं, आता घरात खरंच कोणी नाही.”

बेबी हसायची थांबली.

“आजपासून माझ्याकडे जेवायचं. रोज. बोलायचं काम नाही.”

“किती वाजता?”

“आमचे हे कामावरून आले, जेवले, की लगेच आपण दोघी बसू.”

“येतात कधी ते?”

“दहा… कधी साडेदहा.”

रमाबाईंनी कपाळावरची पट्टी चाचपली.

“मग माझा बातम्यांवालाच बरा गं.”