केशरी रंगाचा ट्रंक कॉल

काय सांगू, पहिल्यांदा बिनसलं ते लघवीच्या रंगानं. एकदम केशरी! आतड्याच्या सुजेवर अकोल्याच्या डॉक्टरांनी नव्या गोळ्या दिल्या होत्या, जोडीला ताक-भात, आणि फुटाण्यांना सक्त मनाई. मी घाबरून आईला सांगितलं.

"कावीळच आहे व माय! बंद कर त्या गोळ्या."

लगेच माझ्या गळ्यात कावीळ उतरवायची मंतरलेली माळ पडली आणि काविळीवर उतारा म्हणून हातात फुटाण्यांची वाटी आली.

"आई, डॉक्टर फुटाणे नको म्हणले ना!"

"मंग इचार त्यालेच!"

आमच्या शिरपूरच्या पोस्टात अकोल्याला ट्रंक कॉल लावून, तो लागायची वाट बघत बसले. अशक्तपणानं डोकं इतकं हलकं झालेलं, की देवळातून परतणारे यात्रेकरू पाण्याखालून चालल्यासारखे तरंगत येत होते. तरंगत तरंगत सगळे पोस्टातच सावलीला टेकले. गोळी की फुटाणे, एवढंच हळूच विचारायचं, असं मी मनात घोकत होते.

"लागला!" पोस्टमास्तर ओरडले. दचकून मी फोन कानाला लावला.

"डॉक्टरसाहेब, माझी लघवी..." मी पुटपुटले.

पलीकडून आवाज आला, "काहीच ऐकू येत नाही बाई, जोरात ओरडून सांगा!"